न कळण्याचे प्रकार

मागे ऐकू येऊन राहिलंय ना? कूलर बंद करू नका, मीच मोठ्यानं बोलतो. मे महिन्यात नागपुरात कूलर बंद करून तत्त्वज्ञान ऐका म्हणणं हा अन्याय आहे.

तर विषय न कळण्याचा. प्रशस्तपाद ह्या जुन्या भाष्यकारापासून निघून ज्ञानेश्वरांच्या अमृतानुभव ह्या ग्रंथापर्यंत यायचं मी कबूल केलंय, आणि हातात एक तास आहे, म्हणून मुख्य म्हणणं आधीच सांगून टाकतो. न कळणं ही एक गोष्ट नाही. त्याचे प्रकार आहेत, आणि कोणतं न कळणं आहे त्यावर पुढे काय करायचं ते ठरतं. आपण सगळ्यांना एकच ‘माहीत नाही’ लावतो आणि तिथेच थांबतो. आपल्याकडच्या जुन्या लोकांनी ह्यावर इतकं बारीक काम करून ठेवलंय आणि आपण ते वापरत नाही, ह्याचं मला फार वाईट वाटतं, म्हणून हे व्याख्यान.

नुसतं कान देऊन ऐका. ‘काय माहीत बा’ म्हणणारा विषय टाळत असतो. ‘देव जाणे’ म्हणणारी आजी काळजीत असते. आणि ‘मले का मालूम?’ हा तर उलटा प्रश्न झाला, की मला कशाला विचारून राहिले. ह्यातल्या एकातही माणूस आपल्या डोक्यात काय आहे नि काय नाही ह्याची खबर देत नाही. ह्यावर भाषावाले तासभर बोलतील, पण मला फणसाकडे जायचंय.

प्रशस्तपाद हा वैशेषिक दर्शनाचा, म्हणजे आपल्याकडच्या जुन्या तत्त्वज्ञानाच्या एका शाखेचा, मोठा भाष्यकार, साधारण दीड हजार वर्षांपूर्वीचा. तो अविद्येचे, म्हणजे नीट न कळण्याचे, चार प्रकार सांगतो, संशय, विपर्यय, अनध्यवसाय आणि स्वप्न. संशय सगळ्यांना माहीत आहे, अंधुक उजेडात लांबून काहीतरी उभं दिसतं, खांब आहे की माणूस? विपर्यय म्हणजे उलटं ज्ञान, समोर गाय आहे आणि हा घोडा म्हणून मोकळा. स्वप्न आज बाजूला ठेवू. मला आवडतो तो अनध्यवसाय, म्हणजे निश्चयच न होणं. त्याचं उदाहरण तो देतो वाहीक देशातल्या माणसाचं, म्हणजे तिकडे पंजाबाच्या बाजूचा माणूस, जिथे फणस होत नाही. हा माणूस कधीतरी दक्षिणेकडे येतो आणि त्याच्यासमोर फणसाचं झाड. आता प्रशस्तपाद काय म्हणतो बघा, ह्या माणसाला सगळंच कळत नाही असं नाही. काहीतरी आहे हे कळतं, झाड आहे हे कळतं, रंग, फांद्या सगळं दिसतं, इतकंच काय, हे आंब्यासारखं नाही, वेगळं आहे, हेही त्याला स्वच्छ दिसतं. फक्त ह्याला काय म्हणतात ते त्याला माहीत नाही, आणि का नाही? तर कोणी सांगितलंच नाही म्हणून. उपदेश झाला नाही, बस.

मला हे वाचून पहिल्यांदा अक्षरशः उभं राहावंसं वाटलं. कारण मी आयुष्यभर वर्गात उभा राहिलोय आणि वर्गातल्या अर्ध्याहून जास्त ‘माहीत नाही’ असे फणसाचे असतात. पोराला समोरचं सगळं दिसत असतं, फरकही कळत असतो, फक्त नाव कोणी सांगितलेलं नसतं. आणि आपण त्याच्यावर असे रागावतो जणू तो गाईला घोडा म्हणून राहिला. खरं म्हणजे संशय असेल तर जवळ जाऊन पुन्हा पाहायला पाहिजे, अनध्यवसाय असेल तर कोणीतरी सांगायला पाहिजे, आणि विपर्यय सगळ्यात कठीण, कारण तो माणूस विचारायलाच येत नाही, त्याच्या मते त्याला कळलेलं असतं.

आता ह्यावरून मला एक गोष्ट सांगायची आहे, ती थोडी लांब आहे, पण विषय तिच्यातूनच मला समजला, म्हणून सांगतोच.

माझे मावसे सरकारी नोकरीत असतानाच वारले. मावशीला फॅमिली पेन्शन लागायची होती, आणि त्यासाठी मावशांचं सेवापुस्तक, म्हणजे नोकरीच्या नोंदींचं पुस्तक, पाहिजे. कोणतं ऑफिस ते मी सांगत नाही, नागपुरातलंच आहे, बिल्डिंग तुम्ही पाहिलेली असेल. मावशीला ऐकायला कमी येतं म्हणून मी सोबत जायचो. टेबलावर जे बाबू बसायचे त्यांनी पहिल्या दिवशी सांगितलं, ‘सेवापुस्तक नाही जी इथे, मालूम नाही कुठी गेलं.’ बरं म्हटलं, कोणाला मालूम असेल? ‘ते नाही सांगता येत.’ पुढच्या महिन्यात पुन्हा तेच. साहेबांना भेटलो, साहेब म्हणाले बाबूला विचारा. मावशी दर वेळी डब्यात त्या बाबूंसाठीही काहीतरी घेऊन जायची, तिचा स्वभाव तसा, आणि तेही आनंदानं खायचे, माणूस वाईट अजिबात नव्हता, हे मी मुद्दाम सांगतो. माणूस वाईट असता तर गोष्ट सोपी होती. पण अर्ज पुढे सरकायचा नाही. कारण सेवापुस्तक ‘आहे’ असंही कोणी म्हणेना आणि ‘नाही’ असं लिहूनही देईना. ‘नाही, मालूम नाही’ हे दोन शब्द जोडून वापरले की कोणत्याच नियमात बसत नाहीत. आहे म्हटलं तर काढून द्यावं लागतं, नाही म्हटलं तर जुन्या पगारबिलांवरून दुसरं तयार करायची कारवाई सुरू करता येते. मधल्या ह्या ‘मालूम नाही’ला कुठलाही फॉर्म नाही. मावशीचं तेवढं वर्ष मोठ्या मुलाच्या पैशावर गेलं आणि तिला ते फार लागलं, ती बोलायची नाही पण मला दिसायचं.

मग त्या ऑफिसात एक मुलगी आली, कंत्राटी, डेटा एंट्रीला. आम्ही बाकावर बसलेलो होतो, तिनं स्वतःच विचारलं, ‘काकाजी, तुम्ही नेहमी दिसता, कशासाठी येता?’ सगळं सांगितलं. ती म्हणाली, ‘मले मालूम नाही, पण पाहून सांगते.’ मग तिनं प्रश्न विचारले, कोणत्या साली कोणत्या शाखेत होते, शाखा हलवली तेव्हा रेकॉर्ड कोणाच्या ताब्यात होतं. रेकॉर्ड रूमची किल्ली मागून घेतली. तिथला ट्यूबलाइट गेलेला, तिनं मोबाइलचा टॉर्च लावला आणि गठ्ठे एकेक सोडून पाहिले, मी दारात उभा राहून पाहत होतो, धुळीनं तिचा दुपट्टा तपकिरी झाला. संध्याकाळी बाहेर येऊन म्हणाली, ‘नाही आहे काकाजी. त्या शाखेचे सगळे गठ्ठे पाहिले, आजूबाजूच्या शाखांचेही पाहिले, नाही आहे.’

मी तिला म्हटलं, बेटा, हे लिहून दे. तिनं टिपण केलं, साहेबांनी सही केली, आणि त्या टिपणावर दुय्यम सेवापुस्तकाचं काम सुरू झालं आणि मावशीची पेन्शन लागली.

म्हणजे बाबू म्हणाले ‘नाही’, मुलगीही म्हणाली ‘नाही’. वस्तू दोघांच्याही हाती आली नाही. पण त्या मुलीचं नाही हे ज्ञान होतं, पक्कं ज्ञान, त्यावर पेन्शन उभी राहिली. बाबूंचं नाही म्हणजे त्यांनी पाहिलंच नव्हतं.

हे मी उगाच फुगवून सांगत नाही, ह्यावर कुमारिल भट्टानं काम करून ठेवलंय. साधारण सातवं शतक, मीमांसा नावाच्या दर्शनाचा भाट्ट पंथ त्याच्याच नावाचा. त्यांचा प्रश्न असा, की जमिनीवर घडा नाही हे मला कशानं कळतं? डोळ्यांना जमीन दिसते, ‘नसणं’ कसं दिसणार? म्हणून ते म्हणतात की हे ज्ञानाचं स्वतंत्र साधन आहे, अनुपलब्धी, म्हणजे न दिसणं, प्रत्यक्ष-अनुमान वगैरे पाच साधनांनंतरचं सहावं प्रमाण. नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनवाले, म्हणतात गरज नाही, प्रत्यक्षातच बसतं, प्राभाकर, म्हणजे मीमांसेतलाच दुसरा पंथ, म्हणतात अभाव म्हणून वेगळं काही नाहीच, ते भांडण शेकडो वर्षं चाललं. पण आपल्या कामाची अट सगळ्यांनाच मान्य आहे, योग्यता. घडा असता तर दिसलाच असता, अशी परिस्थिती पाहिजे. उजेड पाहिजे, डोळे चांगले पाहिजेत, नजर तिकडे पाहिजे. तरच ‘दिसला नाही’ वरून ‘नाही’ म्हणता येतं. धर्मकीर्ती, बौद्ध, तोही सातव्या शतकातलाच, हेच सांगतो, की दिसण्याजोगी वस्तू दिसली नाही तरच ती नाही असं ठरतं. पिशाच्च दिसत नाही म्हणून ते इथे नाही असं सिद्ध होत नाही, कारण असलं तरी ते दिसण्याजोगं नाही. आता ट्यूबलाइट गेलेल्या खोलीत न जाता ‘सेवापुस्तक नाही’ म्हणणं ह्या अटीत बसतं का, तुम्हीच सांगा. त्या मुलीनं टॉर्च लावला तेव्हा तिनं योग्यता पूर्ण केली, तिला कुमारिल माहीत असो नसो.

तुमच्यापैकी किती जण ताडोब्याला जाऊन आलेत? बघा, अर्धा हॉल. आणि वाघ किती जणांना दिसला? हात कमी झाले. पण ज्यांना दिसला नाही त्यातला एकही जण घरी येऊन म्हणाला नसेल की ताडोब्यात वाघ नाही, तिथे आपल्याला योग्यता आपोआप कळते, की जिप्सीतून एका सकाळी मोहर्लीच्या रस्त्यावर न दिसणं म्हणजे काहीच नाही. व्याघ्रगणनेवाले तर ह्याचं गणित करतात. २०२२च्या गणनेत देशभरात कॅमेऱ्यात वेगवेगळे ३०८० वाघ आले, पट्ट्यांवरून एकेक ओळखून, आणि अंदाज जाहीर झाला सरासरी ३६८२. म्हणजे सहाशेच्या आसपास वाघ असे की ज्यांचा फोटो नाही. ते मनानं घातलेले नाहीत. तोच वाघ किती कॅमेऱ्यांत पुन्हा पुन्हा येतो, त्यावरून कॅमेऱ्याच्या नजरेतून वाघ सुटण्याची शक्यता किती ते काढतात, आणि त्यावरून सुटलेले किती असतील ते. न दिसण्याचं इतकं शिस्तीतलं ज्ञान आज आपल्या जंगलात रोज वापरलं जातं आणि आपल्या ऑफिसांत, वर्गांत, घरांत वापरलं जात नाही. डॉक्टर म्हणतात ‘रिपोर्टमध्ये काही निघालं नाही’, तेव्हा आपण विचारायला पाहिजे की ह्या तपासणीत ते असतं तर निघालं असतं का? हा प्रश्न उद्धटपणाचा नाही, चांगल्या डॉक्टरला तो आवडतो.

चिठ्ठी आली, दहाच मिनिटं राहिली. मग आता भराभर, आणि हाच खरा पत्रिकेतला भाग होता.

पहिलं, उत्तर न देणं म्हणजे न कळणं नव्हे. दीघनिकाय ह्या बौद्ध ग्रंथात संजय बेलट्ठिपुत्त नावाचा बुद्धाच्या काळचा एक आचार्य आहे, अजातशत्रू राजा त्याला विचारतो, तर तो म्हणतो, असं आहे असं मी म्हणत नाही, तसं आहे असंही नाही, नाही असंही नाही, नाही-नाही असंही नाही. त्याला अमराविक्खेप म्हणतात, हातातून निसटणारं बोलणं. आणि मज्झिमनिकाय ह्या दुसऱ्या बौद्ध ग्रंथात मालुंक्यपुत्त नावाचा भिक्खू बुद्धाला म्हणतो, जग शाश्वत आहे की नाही, अनंत आहे की नाही, जीव आणि शरीर एक की वेगळे, हे सांगा नाहीतर मी संघ सोडतो. असे एकूण दहा प्रश्न. बुद्ध उत्तर देत नाहीत, बाण लागलेल्या माणसाचा दृष्टांत देतात, बाण मारणाऱ्याची जात आणि धनुष्याचा प्रकार कळल्याशिवाय बाण काढू देणार नाही म्हटलं तर माणूस मरेल. वरून पाहिलं तर दोघांनीही उत्तर दिलं नाही. पण बुद्ध उत्तर का देत नाही त्याचं कारण सांगतात, दुःख संपायला त्याचा उपयोग नाही, आणि संजय कारणच देत नाही. दीक्षाभूमीच्या गावात हा फरक मी जास्त सांगायला नको.

दुसरं, कोणालाच माहीत नसणं. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं नासदीय सूक्त, सृष्टी कुठून झाली, देवही नंतरचे, मग कोणाला माहीत, आणि शेवटी, जो परम आकाशातून हे पाहतो ‘सो अंग वेद यदि वा न वेद’, त्याला माहीत असेल, किंवा त्यालाही नसेल. इथे कितीही टॉर्च लावा, हे न कळणं वेगळ्या जातीचं आहे.

तिसरं, सॉक्रेटिस. तो म्हणतो मला जे माहीत नाही ते माहीत आहे असं मी समजत नाही, एवढाच माझा शहाणपणा. विपर्ययावर इतका चांगला उतारा नाही, पण लक्षात घ्या, तो हे अथेन्सभर माणसांना विचारत फिरून मग म्हणतो, घरी बसून नाही.

आणि शेवटचं, ज्याच्यासाठी मी आलो होतो. गाढ झोपेतून उठून आपण म्हणतो, ‘काहीच कळलं नाही.’ वेदान्ती विचारतात की काही कळलं नाही हे तुला कसं आठवतं, तेव्हा कोण होतं तिथे? त्यावरून ते म्हणतात अज्ञान म्हणजे नुसता अभाव नाही, ती काहीतरी असलेली गोष्ट आहे. अमृतानुभवाचं सातवं प्रकरण, अज्ञानखंडन, सगळ्यात मोठं प्रकरण, ते ह्याच्यावर तुटून पडतं. ज्ञानेश्वरांचा मुद्दा थोडक्यात असा, अज्ञान आहे हे कशानं कळलं? अज्ञानानं कळलं म्हणाल तर अज्ञानाला कळतंच कसं, आणि ज्ञानानं कळलं म्हणाल तर जिथे ज्ञान आहे तिथे अज्ञान उरलं कुठे? म्हणजे अज्ञान स्वतःच्या जागी कधी सापडतच नाही. आणि सगळ्यांना वाटतं की आता ज्ञान जिंकलं, तर आठव्या प्रकरणात ते ज्ञानाचंही खंडन करतात, कारण अज्ञानाच्या तुलनेत ज्याला ज्ञान म्हणायचो ते अज्ञान गेल्यावर एकटं कसं उभं राहणार. ही दोन प्रकरणं एका बैठकीत सलग वाचा, मध्ये थांबू नका, सातव्यावर थांबलात तर विपर्यय होतो. बाकी प्रश्न आपण बाहेर चहाला घेऊ, हॉल आठला सोडायचा आहे.