रस्त्यापलीकडून दिसलं पाहिजे

मंडळी, पत्रिकेत विषय छापलाय ‘नरसंहार आणि चित्रकाराचं सावरणं’. तिकडे येतोच, पण बडोद्यात बोलायला उभं राहिल्यावर आधी दांडिया बाजारातून जायलाच हवं. आमचे मामा तिथले.

मामा सिनेमाची पोस्टरं रंगवायचे. हातात हिरोचा पोस्टकार्डाएवढा फोटो, समोर वीस फुटी कापड. फोटोवर पेन्सिलीनं चौकोन पाडायचे. मग निळीत बुडवलेली सुतळी कापडावर ताणायची. टोकं आम्हा पोरांच्या हातात, मधे मामांची चिमूट. उचलून सोडली की टण्ण! सरळ निळी रेघ. मग एकेक चौकोन भरत जायचं. डोळा रंगवताना मामांना चेहरा दिसायचाच नाही, म्हणून आम्ही रस्त्यापलीकडे पळायचो आणि तिथून ओरडायचो, ‘मामा, डावी भुवई चढलीय!’ (हसू नका, निम्म्या बडोद्याच्या हिरोंच्या भुवया आम्ही उतरवल्यात.)

एकदा एका प्रदर्शनात मी त्यांची ओळख करून दिली. समोरचे गृहस्थ म्हणाले, ‘पेंटर म्हणजे पाट्यावाले ना?’ मामा ‘हो’ म्हणाले आणि चहा न घेताच निघाले. ज्या गावात १९५० पासून ललित कला विद्याशाखा आहे, जिथे कीर्तिमंदिराच्या भिंती नंदलाल बोसांनी रंगवल्या, तिथला तो ‘ना’ मला अजून सलतो.

वान नाथ असेच पाट्यावाले. कंबोडियातल्या बट्टमबांगचे, सिनेमाची पोस्टरं रंगवणारे. १९७५ मध्ये ख्मेर रूज ही कट्टर कम्युनिस्ट संघटना तिथे सत्तेवर आली आणि चार वर्षांच्या आत सुमारे १७ लाख माणसं उपासमारीनं, आजारानं, राबून किंवा मारली जाऊन गेली. वान नाथांची दोन मुलंही त्यातच गेली. १९७८ च्या जानेवारीत त्यांना राजधानी नॉम पेनच्या तुओल स्लेंग तुरुंगात आणलं. ती मूळची शाळा. तिथून किमान १२,००० कैदी मरणाच्या वाटेला लागले. वाचले ते हातावर मोजण्याइतके. मारायच्या यादीत वान नाथांच्या नावापाशी शेरा पडला, कामासाठी ठेवा. काम कुठलं? फोटोवरून ख्मेर रूजचा म्होरक्या पोल पॉट याचा चेहरा मोठा करायचा. मामांचंच काम!

चिठ्ठी आलीय, पाच मिनिटं उरलीत. मुद्द्याचं घाईत सांगतो.

सुटल्यावर १९८० मध्ये ते त्याच इमारतीत परत गेले, तिच्या संग्रहालयासाठी चित्रं काढायला. पायात बेड्या घालून ओळीनं झोपवलेली माणसं, आईच्या हातातून ओढून घेतलेलं मूल. काही पाहिलेलं, काही नुसतं किंकाळ्यांवरून आणि इतर वाचलेल्यांच्या तोंडून कळलेलं. शैली पोस्टरवाल्याचीच, लांबून आणि अक्षरओळख नसलेल्यालाही कळेल अशी. हरवलेल्या नातेवाइकांचे फोटो शोधत लोक तिथे यायचे. त्यांच्यासमोर गूढ काही टांगून भागलं नसतं. ‘सावरणं’ हा शब्द पत्रिकेला मीच दिला, तो आता मला तोकडा वाटतो. मुलं परत येत नाहीत. पण ज्या हातानं मारणाऱ्याचा चेहरा रंगवून जीव वाचवला, तोच हात मेलेल्यांच्या कामी लावला, हे मला फार मोठं वाटतं.

२००९ मध्ये तुरुंगाचा प्रमुख डुच याच्यावरच्या खटल्यात वान नाथ साक्षीला उभे राहिले. ती चित्रं कोर्टात दाखवली गेली. यातलं कुठलं स्वतः पाहिलं आणि कुठलं ऐकलं, तेही त्यांनी सांगितलं.