जिन्यातला दिवा, हातचा एक आणि संगणक

नमस्कार. माझ्यासमोर ही लाकडी फळी आहे. तिच्यावर टॉर्चचे दोन छोटे दिवे, दोन सेल आणि दोन दुहेरी बटणे बसवलेली आहेत. दुहेरी म्हणजे एकच खटका दाबला की एकाच वेळी दोन वेगवेगळे संपर्क हलतात. सगळे सामान तपकीर गल्लीत मिळाले आणि फळी जुन्या देव्हाऱ्याची आहे. संगणक म्हणजे मुळात काय, हे आज या फळीवरून समजावून घेऊ.

पुण्यातल्या जुन्या वाड्यांत किंवा चाळीत राहिलेल्यांना जिन्यातला दिवा आठवत असेल. त्याचे एक बटण खाली आणि एक माडीवर असते, आणि कोठूनही दिवा लावता किंवा विझवता येतो. आपण असे मानू की दोन्ही बटणे खाली असताना दिवा बंद आहे. मग कोणतेही एक बटण वर केले की तो लागतो, आणि दुसरेही वर केले की पुन्हा विझतो. आता खाली असलेल्या बटणाला 0 आणि वर असलेल्या बटणाला 1 म्हणा. शून्य आणि शून्य मिळून शून्य, शून्य आणि एक मिळून एक, हे दिव्याने बरोबर सांगितले. एक आणि एक मिळून मात्र दोन होतात आणि आपल्याकडे दोनचा अंकच नाही. शाळेत आपण नऊ आणि एकची बेरीज करताना ‘शून्य मांडला, हातचा एक’ म्हणत असू; येथेही तेच करायचे. दिवा विझला, म्हणजे शून्य मांडला गेला. हातचा दाखवण्यासाठी हा दुसरा दिवा आहे. त्याच्या वाटेत दोन्ही बटणांचे उरलेले संपर्क एकामागोमाग जोडलेले असल्यामुळे दोन्ही बटणे वर असतील तेव्हाच तो लागतो.

ही फळी बेरीज करते, आणि तिला बेरीज म्हणजे काय हे ठाऊक नाही. उजवीकडच्या घरातून आलेला हातचा मिळवायचा असेल, तर प्रत्येक घरासाठी अशा दोन फळ्या आणि एक जास्तीची जोडणी लागते. बाकी मोठ्या संख्यांसाठी फळ्यांची रांग वाढवत न्यायची. खरे-खोटे यांचे बीजगणित जॉर्ज बूल यांनी 1854 साली मांडले होते, आणि ते विजेच्या बटणांना जसेच्या तसे लागू पडते हे क्लॉड शॅनन यांनी 1937 साली आपल्या पदव्युत्तर प्रबंधात दाखवले.

अडचण एवढीच की माझी बटणे बोटाने दाबावी लागतात. एका फळीचा हातचा पुढच्या फळीचे बटण आपोआप दाबील, अशी सोय हवी. संगणकाच्या सुट्या भागांचा इतिहास म्हणजे बहुतांशी या बोटाविना चालणाऱ्या बटणाचा इतिहास आहे. प्रथम विद्युतचुंबकाने खटका ओढणारा रिले आला. मग काहीही न हलता काम करणारा, पण तापणारा आणि जळून जाणारा, काचेच्या निर्वात नळीचा व्हॉल्व्ह. 1947 च्या डिसेंबरात बेल प्रयोगशाळेत ट्रान्झिस्टर. 1958 साली एकाच छोट्या तुकड्यावर पूर्ण विद्युतमंडल, म्हणजे सर्किट. आणि 1971 साली सुमारे 2300 ट्रान्झिस्टरांचा इंटेल 4004, म्हणजे आज्ञा पाळून आकडेमोड करणारा अख्खा प्रक्रियक एकाच चिपवर. पाठ्यपुस्तकांत यांनाच संगणकाच्या पिढ्या म्हणतात. मला ही मांडणी अपुरी वाटते, कारण सर्वांत मोठे वळण तीत दिसत नाही.

ते वळण पाहण्यासाठी अमेरिकेतल्या फिलाडेल्फियातल्या एनियॅक या संगणकाकडे जावे लागेल. 1946 साली जगासमोर आलेल्या या यंत्रात सुमारे 18,000 व्हॉल्व्ह होते आणि वजन 30 टनांच्या आसपास होते. बेरजा तो सेकंदाला हजारोंनी करी. पण नवे गणित द्यायचे म्हटले की केबली उपसून पुन्हा खोचाव्या लागत आणि शेकडो खटके फिरवावे लागत. हे काम सहा तरुणी करीत असत आणि त्यात कित्येक दिवस जात. उपाय असा निघाला की आज्ञाही आकड्यांत लिहाव्यात आणि ज्या स्मृतीत आकडे ठेवतो, तिच्यातच ठेवाव्यात. 1945 साली जॉन फॉन नॉयमन यांच्या अहवालात ही रचना लिहिली गेली आणि 21 जून 1948 रोजी मँचेस्टरच्या ‘बेबी’ या छोट्या यंत्रावर अशी पहिली आज्ञावली चालली. त्या यंत्राची स्मृती 128 बाइटांची होती. आजच्या पद्धतीने देवनागरी लिहिली, तर कानामात्रा धरून बेचाळीस चिन्हांत ती भरून जाईल. तरीही तारांना हात न लावता यंत्राचे काम बदलता येऊ लागले. आपल्या फोनमध्ये तासाभरात दहा वेगवेगळी कामे होतात, ती याच सोयीमुळे.

पुण्याचा संबंध येतो तो याच्या पुढच्या प्रश्नाशी: एकच संगणक पुरेसा वेगवान नसेल तर काय करावे? अमेरिकेने महासंगणकांच्या निर्यातीवर निर्बंध ठेवले असताना 1988 साली पुण्यात सी-डॅक, म्हणजे प्रगत संगणन विकास केंद्र, स्थापन झाले, आणि विजय भटकर यांच्या नेतृत्वाखाली 1991 साली ‘परम 8000’ तयार झाला. त्यात ट्रान्सप्युटर नावाचे 64 प्रक्रियक एकत्र जोडलेले होते. उत्तरपत्रिकांचा गठ्ठा चौसष्ट शिक्षकांत वाटावा, तसे हे ऐकायला वाटते. पण हवामानाच्या गणितात प्रत्येक तुकड्याला शेजारच्या तुकड्याचे आकडे सतत लागतात, म्हणजे शिक्षकांनी तपासता तपासता एकमेकांशी बोलतही राहिले पाहिजे. ट्रान्सप्युटरला त्यासाठी चार संपर्कमार्ग मुळातच दिलेले होते, आणि कोणी कोणाशी केव्हा बोलावे हे आज्ञावलीत बसवणे हेच खरे कष्टाचे काम होते. पुढे 2018 साली पुण्यातच पाषाणच्या आयआयटीएम या हवामानशास्त्र संस्थेत ‘प्रत्यूष’ हा महासंगणक बसवला गेला, तो मात्र अमेरिकेतल्या क्रे कंपनीच्या बनावटीचा होता. काळ असाही फिरतो!

आता फळी उलटी करून मागच्या तारा दाखवतो. घरी करून पाहणार असाल, तर भिंतीतल्या विजेला हात न लावता दोन सेलांवरच करा. आणि पहिला दिवा उलटा वागू लागला, म्हणजे दोन्ही बटणे खाली असतानाच पेटला, तर कोणत्याही एका बटणाच्या, पहिल्या दिव्यासाठी वापरलेल्या संपर्काच्या टोकांच्या दोन तारा आपसांत बदला.