दमलंय ते

नमस्कार श्रोतेहो.

माझे वडील, त्यांना आम्ही अण्णा म्हणतो, सांगली जिल्ह्यातल्या एका शाळेत 32 वर्षं मराठी शिकवत होते. व्याकरण म्हणजे त्यांचा जीव की प्राण. घरी आलेला पाहुणा चुकून 'वहिनींनी चहा छान केली' म्हणाला, तर अण्णा हसून म्हणायचे, "केला. चहा तो." पाहुणा ओशाळायचा. आई आतून ओरडायची, "अहो, निदान पाहुण्यांना तरी सोडा!"

असा हा माणूस एका जागी मात्र सर्रास चुकायचा. शाळेत एखाद्या पोरानं तसं लिहिलं असतं तर वहीत लाल शाई उतरली असती.

मी पुण्याला शिकत होते तेव्हाची गोष्ट. दुसऱ्या वर्षाचा निकाल लागला आणि माझे दोन विषय राहिले. फोन करून सांगायचं धाडस नव्हतं. स्वारगेटवरून मिरजेची एसटी पकडली, साताऱ्यापर्यंत उभ्यानं आले. पुढं बसायला मिळालं तरी झोप कसली लागतेय? काय सांगायचं, कुठून सुरुवात करायची, पेपर किती अवघड होता, सगळी वाक्यं जुळवत होते. घरी पोचायला रात्रीचे दहा वाजले. दारातच आईनं विचारलं, "काय गं, अशी अचानक? निकालाचं काय झालं?" मी तोंड उघडणार एवढ्यात अण्णा पुढं आले, माझ्या हातातली पिशवी घेतली आणि आईला म्हणाले,

"आधी पाणी दे तिला. दमलंय ते."

बस, एवढंच. त्या रात्री निकालाचा विषय निघाला नाही.

आता हे वाक्य जरा सावकाश ऐका. 'पाणी दे तिला', इथं मी 'ती' आहे, मुलगी, स्त्रीलिंग. लगेच पुढच्या तीन शब्दांत, खरं तर दोनच शब्दांत, मी 'ते' झाले. 'दमलीय ती' हे शुद्ध मराठी. पण 'दमलीय ती' हे शेजारच्या वहिनींबद्दलही म्हणता येतं, बँकेतल्या बाईंबद्दलही. 'दमलंय ते' कुणा परक्या बाईबद्दल म्हणून बघा, जीभ अडखळेल. ते फक्त आपल्या लेकराबद्दल निघतं.

आपल्याकडं मुलीला 'तू माझी फार लाडकी आहेस' असं तोंडावर कुणी म्हणत नाही. निदान आमच्या घरात तरी म्हणत नव्हते, आणि अण्णांनी तसं म्हटलं असतं तर मीच घाबरले असते, यांची तब्येत बरी आहे ना म्हणून. पण 'जेवलं का?', 'झोपलं वाटतं', 'आलं का माझं पिल्लू', 'रुसलंय आज' हे दिवसभर चालू असतं. शाळेत आपण ज्याला नपुंसकलिंग म्हणून शिकतो, आणि मागच्या बाकावरची मुलं ज्याला फिदीफिदी हसतात, त्यात ही सगळी माया साठवलेली आहे.

का बरं? जरा गोठ्यात डोकावून बघा. गाय ती, बैल तो, पण वासरू ते. म्हशीचं रेडकू, शेळीचं करडू, मेंढीचं कोकरू, घोडीचं शिंगरू, हरणीचं पाडस. जे अजून आईच्या अंगाला चिकटून चालतं, ते मराठीत 'ते' असतं. मोठं झालं की ते तो किंवा ती होतं आणि कामाला लागतं. म्हणजे बाप वीस वर्षांच्या लेकीला 'दमलं' म्हणतो तेव्हा तो तिला क्षणभर पुन्हा गोठ्यात, आईच्या अंगाशी आणून ठेवतो. हे माझं म्हणणं आहे हं, व्याकरणाच्या पुस्तकातलं नाही. पण 'पोर' हा शब्द तो पोर, ती पोर आणि ते पोर असा तिन्ही लिंगांत चालतो, हे तर पुस्तकातही सापडेल.

हिंदीत ही सोय नाही. तिथं नपुंसकलिंग उरलंच नाही, त्यामुळं लाडात आलेला बाप मुलीला 'बेटा' म्हणतो. गोड आहे ते, पण त्यात तिला मुलगा व्हावं लागतं. आपल्याकडंही 'आमची मुलगी नाही, मुलगाच आहे तो' असं कौतुकानं सांगणारे आहेत. मला ते कौतुक कधी आवडलं नाही. 'दमलंय ते' म्हणताना मुलगा की मुलगी हा हिशेबच मागं पडतो.

गोव्याकडं तर आणखी मजा. कोकणीत मुलगी म्हणजे चेडूं, आणि चेडूं नपुंसकलिंगी. तरण्या मुलीबद्दल सुद्धा 'तें आयलें' असं सहज म्हणतात. तिकडं तो बोलण्याचा नेम आहे, आपल्याकडं ती सूट आहे, आणि सूट कुणाला द्यायची हे ज्याचं त्यानं ठरवायचं.

अर्थात हेच 'ते' हेटाळणीलाही वापरतात, हे लपवण्यात अर्थ नाही. 'आलं ध्यान', 'बसलंय येडं' हे आपण सगळ्यांनी ऐकलंय. शब्द तोच, सूर बदलला की वार होतो. आणि मुलीच्या बाबतीत तर एका शब्दात किती नकार मावतो, हे सातारा जिल्ह्यानं पाहिलंय. तिथं किती तरी मुलींचं नाव नकुशा होतं. नकुशा म्हणजे नको असलेली. हजेरी घेताना बाईंनी रोज तिला तेच म्हणायचं, मैत्रिणींनी खेळायला बोलवताना तेच ओरडायचं. 2011 साली तिथं कार्यक्रम करून 200 हून अधिक मुलींना नवी नावं दिली गेली. आई-बापाचा पहिला शब्द पुसायला सरकारी कार्यक्रम घ्यावा लागला.

पुन्हा अण्णांकडं येते. बोलण्यात इतका मऊ माणूस, पण पत्रात? होस्टेलवर त्यांचं पोस्टकार्ड यायचं. 'चि. हिस अनेक आशीर्वाद. मनीऑर्डर केली आहे. मिळताच कळविणे. अभ्यास करणे.' संपलं. त्यात 'दमलं' नाही, 'जेवलं' नाही. मला तेव्हा राग यायचा. आता वाटतं, त्यांचाही इलाज नसावा. आजोबांच्या पत्रांत 'केलें', 'गेलें' असे शब्द डोक्यावर टिंब घेऊन यायचे. 1962 साली मराठी साहित्य महामंडळाचे शुद्धलेखनाचे नियम आले आणि उच्चारात नसलेले अनुस्वार गेले. मग उरलं 'केले', 'गेले', 'दमले'. बोलल्यासारखं लिहायचं तर 'दमलं' लिहिता येतं, पण पोस्टकार्डावर बोलल्यासारखं लिहिणं अण्णांना जन्मात जमलं नसतं. आणि 'दमले' लिहून काय कळणार? ते वाचून कुणाला वाटेल, पाच-पंचवीस मजूर दमले!

आताची गंमत उलटी आहे. माझी मुलगी बंगळुरूला असते. मी तिला इंग्रजी अक्षरांत मराठी लिहून मेसेज पाठवते, सगळेच पाठवतात. परवा ती इथून परत गेली, तेव्हा मी लिहिलं, 'पोचलं का?' त्या अक्षरांत पोचला आणि पोचलं दिसायला एकच. तिचं उत्तर आलं, 'कोण पोचला? तू पार्सल पाठवलंयस का?' मी कपाळावर हात मारला. तीन पिढ्या जपलेली माया आणि तिचं पार्सल झालं!

अण्णा आता 84 वर्षांचे आहेत. त्यांना मोबाईलवर टाइप करता येत नाही, शिकायची इच्छाही नाही. ते व्हॉइस मेसेज पाठवतात, तीन-चार सेकंदांचे. गेल्या महिन्यात मी मिरजेहून पुण्याला आले. एसटीत बायकांना आता अर्धं तिकीट आहे, त्यामुळं माझं माहेरी जाणं वाढलंय आणि आई त्यावरून मला चिडवते. स्वारगेटला उतरले, बॅग खाली ठेवली तोवर फोन वाजला. अण्णांचा मेसेज. मागं आमच्या स्वयंपाकघरातली कुकरची शिट्टी, मग त्यांचा खोकला, मग,

"पोचलं का?"

मी पन्नाशी ओलांडलेली बाई. आजूबाजूला रिक्षावाले ओरडतायत. मी फोन तोंडाजवळ धरला आणि म्हणाले, "पोचलं, अण्णा."

उलट मेसेज आला तो नुसता "बरं" एवढाच. त्यांनी दुरुस्त केलं नाही.