डॅन्यूबच्या काठचे देश मोजताना

मित्रांनो, स्पर्धा परीक्षेच्या सामान्यज्ञानाच्या पुस्तकांत एक प्रश्न हमखास भेटतो. सर्वांत जास्त देशांना लागून वाहणारी नदी कोणती? उत्तर डॅन्यूब, देश दहा. तुमच्यापैकी बहुतेकांना ते पाठ असेल. मी शाळेत होतो तेव्हा मलाही ते पाठ होतं, फक्त माझ्या वहीत आकडा आठ होता. तो बरोबरच होता, त्याचे गुणही मिळाले होते. आणि १९१४ सालचा नकाशा काढून मोजायला बसलात तर सहाच भरतात. ही आठाची दहा आणि त्याआधी सहाची आठ कशी झाली, त्याबद्दल आज बोलायचं आहे.

आधी नदीची ओळख करून घेऊ. लांबी साधारण २८५० किलोमीटर, युरोपात व्होल्गाच्या खालोखाल. नैर्ऋत्य जर्मनीतल्या ब्लॅक फॉरेस्टमध्ये ब्रेग आणि ब्रिगाख हे दोन ओढे डोनाउएशिंगेन गावाशी एकत्र येतात आणि तिथून तिला डॅन्यूब म्हणतात. ती पूर्वेकडे जाते, व्हिएन्ना, ब्रातिस्लाव्हा, बुडापेस्ट आणि बेलग्रेड अशा चार राजधान्या ओलांडते आणि काळ्या समुद्राला मिळते. जर्मन तिला डोनाउ म्हणतात, हंगेरियन दुना, सर्ब आणि बल्गेरियन दुनाव. या नावाच्या मुळाशी वाहत्या पाण्याचा अर्थ आहे आणि भाषाशास्त्रज्ञ त्याचं नातं आपल्या वैदिक संस्कृतातल्या ‘दानु’ शब्दाशी जोडतात. डॉन, नीपर, नीस्टर या नद्यांची नावंही त्याच कुळातली. मला हे पहिल्यांदा कळलं तेव्हा त्या लांबच्या नदीबद्दल एकदम जवळीक वाटली होती.

उगमापाशी जरा जास्त थांबतो, कारण तिथली गोष्ट फार थोड्यांना ठाऊक असते. डोनाउएशिंगेनपासून थोडं खाली इमेंडिंगेन नावाचं गाव आहे. तिथल्या पात्राखाली चुनखडीचा खडक आहे, भेगांनी पोखरलेला. नदीचं पाणी त्या भेगांत शिरतं आणि उन्हाळ्यात कितीतरी दिवस पात्र पार कोरडं पडतं. लोक गोट्यांवरून चालत पलीकडे जातात. मग पाणी जातं कुठे? १८७७ साली त्या पाण्यात मीठ, तेल आणि रंग सोडून बघितलं. सुमारे अडीच दिवसांनी बारा किलोमीटरवरच्या आख गावच्या झऱ्यातून हिरवं, खारट पाणी उसळून बाहेर आलं. आता पुढचा भाग ऐका. आख नदी कॉन्स्टान्स सरोवराला मिळते, ते सरोवर ऱ्हाइनच्या वाटेवर आहे आणि ऱ्हाइन उत्तर समुद्राला जाते. म्हणजे डॅन्यूबचं काही पाणी काळ्या समुद्राकडे पाठ फिरवून थेट हॉलंडच्या दिशेने निघतं. आखच्या पाण्यावर गिरण्या चालत होत्या आणि डॅन्यूबच्या काठाने पुढच्या गावांना आपलं पाणी आपल्याच पात्रात हवं होतं. ती पुढची गावं व्युर्टेम्बर्गची, आख बाडेनची. दोन्ही एकाच देशातली राज्यं, तरी पाण्याचं भांडण १९२७ साली जर्मनीच्या घटनात्मक न्यायालयापर्यंत गेलं. कृष्णा आणि गोदावरीचे लवाद ज्यांनी वाचलेत त्यांना हे वेगळं सांगायला नको.

आता मोजणीकडे येऊ. १९१४ साली नदीच्या काठावर कोण होतं? जर्मनी, ऑस्ट्रिया-हंगेरी, सर्बिया, बल्गेरिया, रोमानिया आणि मुखाशी उत्तरेच्या काठावर रशिया. झाले सहा. पहिल्या महायुद्धानंतर ऑस्ट्रिया-हंगेरी फुटली. ऑस्ट्रिया वेगळा, हंगेरी वेगळा, चेकोस्लोव्हाकिया नवा आणि सर्बियाच्या जागी पुढे जे युगोस्लाव्हिया झालं ते राज्य. मुखाच्या उत्तरेचा बेसारेबिया हा प्रदेश रोमानियाकडे गेल्यामुळे रशिया काठावरून हटला. म्हणजे सात. दुसऱ्या महायुद्धात सोव्हिएत संघाने बेसारेबिया परत घेतला, आठ झाले. माझ्या वहीतले ते हेच आठ, जर्मनीच्या जागी फक्त पश्चिम जर्मनी. १९९१ ते १९९३ या तीन वर्षांत सोव्हिएत संघ, युगोस्लाव्हिया आणि चेकोस्लोव्हाकिया तिन्ही विस्कटले. काठावर स्लोव्हाकिया, क्रोएशिया, सर्बिया, मोल्दोवा आणि युक्रेन उरले आणि बेरीज दहावर आली. त्यातल्या मोल्दोवाचा काठ एक किलोमीटरही भरत नाही. पण त्या देशाला दुसरा समुद्रमार्गच नाही, म्हणून त्यांनी तेवढ्या तुकड्यावर बंदर उभारलं आहे.

साम्राज्य मोडलं की आकडा वाढतो, हे एवढ्यावरून दिसतं. पण सीमा नदीवर आखली की भांडण मिटतं, असं समजू नका. क्रोएशिया आणि सर्बियाच्या मधला भाग बघा. एकोणिसाव्या शतकात तिथली वळणं कापून नदी सरळ केली. क्रोएशिया म्हणतो, जुन्या जमीननोंदींतली हद्द धरा. सर्बिया म्हणतो, आजच्या पाण्याचा मध्य धरा. त्यामुळे काही जमिनीवर दोघंही दावा सांगतात आणि पलीकडच्या काही पट्ट्यांवर कोणीच सांगत नाही. गाळपेरीच्या जमिनी ज्यांच्याकडे आहेत त्यांना हा वाद कसा चालतो ते चांगलं ठाऊक असेल.

रोमन काळात ही नदी साम्राज्याची उत्तरेकडची सीमा होती, काठाने छावण्या होत्या. सम्राट ट्राजनने मात्र ती ओलांडायचं ठरवलं. दमास्कसचा अपोलोडोरस या स्थापत्यकाराने इ. स. १०५ च्या सुमारास पाण्यात वीस खांब रोवून एक किलोमीटरहून लांब पूल बांधला. पलीकडचा डेसिया प्रांत, म्हणजे साधारण आजचा रोमानिया, रोमनांनी जेमतेम पावणेदोनशे वर्षं ठेवला आणि सोडून दिला. पूल गेला, प्रांत गेला, पण स्लाव्ह आणि हंगेरियन शेजाऱ्यांच्या मधोमध आजही रोमानियन लोक लॅटिनपासून निघालेली भाषा बोलतात. आणि आज रोमानिया-बल्गेरियाच्या सुमारे ४७० किलोमीटरच्या नदीसीमेवर पूल किती? दोन. पहिला १९५४ चा, दुसरा २०१३ चा. बुडापेस्ट या एकाच शहरात याहून कितीतरी जास्त आहेत.

तुर्कांच्या स्वाऱ्या तुम्ही वाचल्या असतील म्हणून भरभर सांगतो. १५२१ ला बेलग्रेड पडलं, १५२६ ला मोहाचच्या लढाईत हंगेरीचा तरुण राजा लायोश पळताना ओढ्यात बुडाला, १५२९ ला तुर्की सुलतान सुलेमान व्हिएन्नाच्या वेशीपर्यंत आला. त्या वर्षी पाऊस इतका झाला की जड तोफा चिखलात मागेच राहिल्या. १६८३ चा दुसरा वेढा पोलंडचा राजा यान सोबिएस्की मदतीला आल्यावर उठला. सैन्यं नदीच्याच वाटेने येत आणि त्याच वाटेने परत जात.

त्या तुर्की काळाची एक खूण मला चटका लावून जाते. सर्बिया आणि रोमानियाच्या मधल्या दरीत आदा काले नावाचं छोटं बेट होतं. त्यावर तुर्की वस्ती, मशीद, किल्ला. १८७८ च्या बर्लिन परिषदेत बाल्कनच्या सीमा ठरल्या, पण करारात या बेटाचं नाव लिहायचंच राहून गेलं. आजूबाजूचा सगळा मुलूख दुसऱ्यांचा झाला तरी कागदावर ते सुलतानाचंच राहिलं, थेट १९२३ च्या लोझान करारापर्यंत. मग ते रोमानियाचं झालं. पुढे रोमानिया आणि युगोस्लाव्हियाने मिळून ‘लोखंडी दरवाजा’ या खिंडीत धरण बांधलं आणि १९७०-७१ मध्ये बेट पाण्याखाली गेलं. माणसं कोणी रोमानियाच्या शहरांत गेली, कोणी तुर्कस्तानात. कोयनेच्या, उजनीच्या पाण्याखाली गेलेल्या गावांची माणसं आपल्यात आहेत. उन्हाळ्यात पाणी उतरल्यावर देवळाचा कळस दिसला की ती काठावर येऊन उभी राहतात. आदा कालेच्या लोकांना तेवढंही मिळत नाही.

आता शेवटचा टप्पा, मुख. डॅन्यूबचा त्रिभुज प्रदेश गाळाने भरलेला आणि एकोणिसाव्या शतकात तिथे धान्याची जहाजं अडकत. मुख रशियाच्या ताब्यात होतं आणि गाळ काढला जात नव्हता. ब्रिटन आणि ऑस्ट्रियाचा हा जुना राग होता, कारण खालच्या डॅन्यूबकाठचा गहू त्याच वाटेने बाहेर पडायचा. क्रिमियाचं युद्ध रशिया हरला आणि १८५६ च्या पॅरिस तहाने मुखासाठी एक युरोपीय आयोग नेमला. त्याचा स्वतःचा झेंडा होता, तो जहाजांकडून स्वतः कर घेई. चार्ल्स हार्टली या इंग्रज अभियंत्याने सुलिना शाखेच्या तोंडाशी समुद्रात बांध घातले, प्रवाह अरुंद केला. पाण्याचा वेग वाढला आणि गाळ आपोआप वाहून जाऊ लागला. नंतर वळणं कापून तो मार्ग सरळही केला. आजही नदीवरचे किलोमीटर सुलिनापासून उगमाच्या दिशेने उलटे मोजतात.

२०२२ साली रशियाने युक्रेनची समुद्रावरची बंदरं कोंडली, तेव्हा युक्रेनला आपल्या त्या चिमुकल्या काठाची आठवण झाली. इझमाइल आणि रेनी या नदीबंदरांवर ट्रकांच्या रांगा लागल्या. २०२३ च्या जुलैत युक्रेनचं धान्य काळ्या समुद्रातून जाऊ देणारा करार संपला आणि रशियाची ड्रोन इझमाइलच्या गोदामांवर येऊ लागली. समोरच्या काठावरच्या रोमानियन खेड्यांतल्या लोकांना स्फोट घरातून दिसत. त्या गव्हाची आणि मक्याची बरीच जहाजं ज्या वाटेने समुद्राला लागली, ती हार्टलीने खोल केलेली सुलिनाचीच वाट होती.