हुंडीवरचा समरी दावा: बचाव कसा उभा करायचा

व्यापारी मित्रहो, हुंडी (ठरलेली रक्कम देण्याचा लेखी व्यापारी आदेश) स्वीकारून तिच्यावर सही केलीत की मोबदला तुम्हाला मिळाला आहे असे कायदा धरून चालतो. १८८१ च्या परक्राम्य संलेख अधिनियमाचे कलम ११८ तेच सांगते. हे गृहीतक खोडता येते, पण ओझे सही करणाऱ्यावर. आणि दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ खाली समरी दावा (झटपट चालणारा, ज्यात बचावासाठीही न्यायालयाची परवानगी लागते) लागला, तर त्यासाठी मिळणारा वेळ फार थोडा.

समन्स लागल्यापासून १० दिवसांत हजेरी नोंदवा आणि त्याच दिवशी वादीच्या वकिलाला कळवा. हे राहिले, तर दाव्यातले सारे तुम्ही कबूल केले असे मानून हुकूमनामा होतो. हजेरीनंतर वादी ‘समन्स फॉर जजमेंट’ (निकाल मागणारे समन्स) बजावतो. तिथून पुन्हा १० दिवसांत प्रतिज्ञापत्रासह बचावाची परवानगी मागायची. सबळ कारण असेल तर उशीर माफ होतो, पण त्या भरवशावर कृपा करून राहू नका.

खरी लढाई या प्रतिज्ञापत्रात आहे. समजा, इचलकरंजीतल्या यंत्रमागधारकाने ९० दिवसांच्या हुंडीवर १२ लाखांचे सूत घेतले. काही पोती आलीच नाहीत, आलेल्यातले काही सूत ठरल्यापेक्षा हलक्या काउंटचे (काउंट म्हणजे सुताच्या जाडी-बारीकपणाचे माप) निघाले. ‘माल खराब होता, वादी खोटे बोलतो’ एवढ्यावर परवानगी मिळत नाही, मिळूही नये. मालासोबतच्या चलनावरचा शेरा, काउंट तपासल्याचा अहवाल, तेव्हाच पाठवलेला व्हॉट्सअ‍ॅप, डेबिट नोट (रक्कम वजा केल्याची चिठ्ठी) हे सगळे तारीखवार जोडा. दावा आल्यावर सुचलेली तक्रार न्यायाधीशांना लगेच ओळखू येते.

इथे बरेच जण गफलत करतात. न आलेल्या पोत्यांची किंमत, समजा २ लाख, बिलावरूनच काढता येते. वाद थेट विक्रेत्याशी असेल तर १८८१ च्या त्याच अधिनियमाच्या कलम ४५ प्रमाणे तेवढी रक्कम वजा होते. हलक्या सुतामुळे कापड बिघडले, ऑर्डर गेली, या नुकसानीचा आकडा मात्र वेगळ्या चौकशीशिवाय निघत नाही, म्हणून ते आपोआप वजा होत नाही. दोन्ही मुद्दे वेगवेगळे मांडा. एकत्र कालवले तर पक्का मुद्दाही कच्चा दिसतो. आणि जेवढे देणे मान्य आहे तेवढे सरळ मान्य करा. न्यायालयाने भरायला सांगितलेली ती रक्कम भरल्याशिवाय परवानगी मिळत नाही.

हुंडी बँकेने मुदतीआधी, मोबदला देऊन, मनात शंका यायला जागा नसताना घेतली असेल, तर सुताची तक्रार बँकेपुढे चालत नाही. त्यासाठी विक्रेत्याकडेच जावे लागते. तरीही मूळ हुंडी डोळ्यांनी पाहाच. तुमच्या संमतीशिवाय रक्कम किंवा तारीख बदललेली असेल तर त्याच अधिनियमाचे कलम ८७ कामी येते, अशी हुंडी तुमच्यापुरती रद्द ठरते. मुद्रांक तिकीट (स्टॅम्प) लागू असून ते पुरेसे नसेल, तर हुंडीच्या बाबतीत मागाहून दंड भरून ती पुराव्यात आणता येत नाही.

प्रामाणिक माणसाने घाबरू नये असे मी मनापासून सांगतो. सर्वोच्च न्यायालयाने १९७६ च्या मेकॅलेक आणि २०१६ च्या हबटाऊन निकालांत आखलेली वाट अशी: तपासण्याजोगा, खराखुरा मुद्दा असेल तर विनाअट परवानगी, बचाव शक्य पण पटण्याजोगा नसेल तर रक्कम भरण्याची अट, काहीच नसेल तर नकार. २०२२ च्या बी. एल. कश्यप निकालात तर परवानगी हा नियम आणि नकार हा अपवाद असे स्पष्ट म्हटले आहे.

हुकूमनामा होऊन गेला असेल तर आदेश ३७ च्याच नियम ४ खाली अर्ज करता येतो. तिथे न येण्यामागची विशेष परिस्थिती दाखवावी लागते, आणि बचावात दम आहे हेही त्याच अर्जात.