निवेदनावर निर्णय घ्या, एवढाच आदेश

मित्रहो, उच्च न्यायालयात वारंवार ऐकू येणाऱ्या एका छोट्या आदेशाबद्दल मी आज बोलणार आहे. त्याचा आशय साधारण असा असतो: याचिकाकर्त्याच्या प्रलंबित निवेदनावर सक्षम प्राधिकाऱ्याने आठ आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्यावा, मागणीच्या गुणवत्तेबाबत न्यायालयाने कोणतेही मत व्यक्त केलेले नाही. याचिका काही मिनिटांत निकाली निघते आणि बाहेर व्हरांड्यात पक्षकार वकिलांना विचारतो, "साहेब, म्हणजे आपण जिंकलो ना?"

या प्रश्नाला प्रामाणिक उत्तर द्यायचे, तर असे सांगावे लागते की मागणी मान्य झालेली नाही, फक्त उत्तर मिळण्याचा हक्क मान्य झाला आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली न्यायालय परमादेश (मँडॅमस) काढते तो कर्तव्य पार पाडण्यासाठी, आणि अर्जावर निर्णय घेणे हे ज्याचे कर्तव्य आहे त्याला गप्प बसता येत नाही, एवढेच त्यातून ठरते. मला मात्र हे "एवढेच" मोलाचे वाटते. नकार मिळाला तर त्याला आव्हान देता येते. आवक शिक्का मारून कपाटात गेलेल्या अर्जाला आव्हान कसे देणार? महाराष्ट्रात 2005 च्या बदल्यांचे विनियमन आणि दिरंगाई प्रतिबंध अधिनियमाने कर्मचाऱ्याकडे नस्ती, म्हणजे फाइल, सर्वसाधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा अधिक काळ राहू नये, असे सांगून ठेवले आहे. तरीही केवळ उत्तर मिळावे म्हणून माणसाला वकील लावून उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागते, याचे मला मनापासून दुःख होते.

या आदेशाला दुसरी बाजूही आहे. सी. जेकब प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये ती स्पष्टपणे मांडली. सेवा संपुष्टात आल्यानंतर सुमारे 18 वर्षांनी एका कर्मचाऱ्याने निवेदन दिले, त्यावर विचार करण्याचा आदेश मिळवला आणि निवेदन फेटाळले गेल्यावर त्या नकारालाच वादाचे नवे कारण मानून तो पुन्हा दाद मागू लागला. मुदत उलटून गेलेला दावा अशा आदेशाने जिवंत होत नाही, असे न्यायालयाने बजावले. निवेदन सर्वांनाच निरुपद्रवी वाटते, म्हणून तो आदेश सहज दिला जातो. पण मुळात दावा जिवंत आहे का आणि प्राधिकाऱ्यावर निर्णयाचे कर्तव्य आहे का, हे आधी तपासले पाहिजे. तसे न केल्यास प्रशासनाचा वेळ जातो आणि अर्जदाराला खोटी आशा लागते, जी मला अधिक क्रूर वाटते.

आता निर्णयाकडे वळू. "आपली मागणी नियमात बसत नसल्याने अर्ज निकाली काढण्यात येत आहे," असे एका ओळीचे पत्र मी अनेकांच्या हातात पाहिले आहे. कोणता नियम आणि तो का लागू होतो, याचा त्यात पत्ताच नसतो. आदेशाचे पालन झाल्याचे कागदोपत्री दिसते, पण विचार झाल्याची खूण कुठेच सापडत नाही. म्हणूनच "सकारण आदेश" हे दोन शब्द न्यायालयाकडून मागून घ्यावेत, असा माझा आग्रह असतो. मोहिंदरसिंग गिल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1977 मध्ये ठरवल्याप्रमाणे वैधानिक आदेशाची पारख त्यात नमूद केलेल्या कारणांवरच होते. मागाहून प्रतिज्ञापत्रातून नवी कारणे जोडता येत नाहीत. कारणे लिहावी लागली, की नस्ती निदान एकदा तरी उघडून वाचावी लागते.

निवेदनही तसेच हवे. पाच पाने गाऱ्हाणे लिहून शेवटी "योग्य ती कार्यवाही व्हावी" असे म्हटले, की उत्तरही तितकेच मोघम येते. नेमकी मागणी, ती ज्या नियमावर किंवा शासन निर्णयावर आधारलेली आहे त्याचा क्रमांक आणि सोबतची कागदपत्रे दोन पानांत मावतात.

आदेशातील आठवडे बहुधा आदेशाची प्रत प्राधिकाऱ्याला मिळाल्यापासून मोजले जातात, म्हणून ती प्रत स्वतः नेऊन द्यावी आणि आपल्या प्रतीवर दिनांकासह पोच घ्यावी. मुदत संपूनही निर्णय आला नाही, तर अवमान याचिकेसाठी 1971 च्या न्यायालय अवमान अधिनियमातील कलम 20 नुसार एक वर्षाची मर्यादा आहे, आणि त्या वेळी वकील तुमच्याकडे सर्वांत आधी त्या पोचेचा कागद मागतील.