लाल शाईतली ओळ

(दृश्य : लाकडी कपाट उघडतं. काळ्या रेक्झिनमध्ये बांधलेला प्रबंध.)

सर कॉलेजात प्राध्यापक होते. हा पीएच.डी.चा प्रबंध त्यांनी नोकरी सांभाळून लिहिला. नोंदणी 2005 ची. मौखिकी, म्हणजे प्रबंधावरची तोंडी परीक्षा, झाली 2010 च्या मे महिन्यात आणि पदवीची अधिसूचना निघाली सप्टेंबरमध्ये. या तारखा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहेत.

(दृश्य : सेवापुस्तकाचं पान. सरांचं बोट एका ओळीवर.)

निळ्या शाईतली नोंद कॉलेजची : पीएच.डी. प्राप्त, तीन आगाऊ वेतनवाढी मंजूर. तिच्याखाली लेखाधिकाऱ्यांची लाल शाई : 'अनुज्ञेय नाही. अतिप्रदान वसूल करावे.' म्हणजे वाढी देय नव्हत्या, जास्त दिलेले पैसे परत घ्या. दोन नोंदींमध्ये बोटभर जागा आहे आणि तेवढी जागा ओलांडायला कार्यालयाला सरांच्या निवृत्तीची वाट पाहावी लागली.

(दृश्य : टेबलावर पसरलेले शासन निर्णय, परिपत्रकं, कडेला पेन्सिलीच्या खुणा.)

पाचव्या वेतन आयोगात पीएच.डी. घेऊन रुजू होणाऱ्याला चार आगाऊ वेतनवाढी होत्या आणि सेवेत असताना पदवी मिळवणाऱ्याला दोन. सहाव्यात त्या पाच आणि तीन झाल्या, पण 'चक्रवाढ नसलेल्या'. म्हणजे कसं? 15,600 मूळ वेतन, 6,000 ग्रेड पे, बेरीज 21,600. एक वेतनवाढ तीन टक्क्यांची, म्हणजे 648 रुपये. ते तीनदा : 1,944. चक्रवाढीने मोजले असते तर साठेक रुपये जास्त पडले असते. तेही द्यायचे नाहीत, एवढी काळजी नियम लिहिणाऱ्यांनी घेतली होती.

अट मात्र मोठी होती. विद्यापीठाने नोंदणी, कोर्सवर्क (संशोधकाने करायचे वर्ग) आणि मूल्यमापन यूजीसीने, म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगाने, ठरवलेल्या पद्धतीने केलेलं हवं. आता कोर्सवर्क सक्तीचं करणारे विनियम आले 11 जुलै 2009 ला. सरांची नोंदणी त्याच्या चार वर्षं आधीची. जो वर्ग तेव्हा भरतच नव्हता, त्याच्या हजेरीचा दाखला त्यांच्याकडे मागितला जातो आहे.

(दृश्य : यूजीसीच्या 30 जून 2010 च्या विनियमांची प्रत. एका ओळीखाली पिवळी रेघ.)

खरं तर उत्तर याच विनियमांत आहे. ज्यांचं कोर्सवर्क, 'इफ एनी', म्हणजे असल्यास, आणि मूल्यमापन झालेलं आहे, फक्त पदवीची अधिसूचना यायची आहे, अशा सेवेतल्या शिक्षकांनाही तीन वेतनवाढी मिळतील. मे आणि सप्टेंबरच्या मधोमध 30 जून येतो. 'असल्यास' या एका शब्दावर सरांची अख्खी याचिका उभी आहे. आम्ही ती ओळ तीनदा वाचली. दुसरा अर्थ काही निघाला नाही.

(दृश्य : उच्च न्यायालयाच्या फाटकाबाहेर काळे कोट, गठ्ठे, चहाची टपरी.)

तरीही प्रकरणं इथवर येतात, कारण मुळातला प्रश्न आहे : यूजीसीचे विनियम राज्यावर बंधनकारक आहेत का? सर्वोच्च न्यायालयाने 2015 मध्ये कल्याणी मथिवनन प्रकरणात सांगितलं की राज्याने स्वीकारल्याशिवाय ते राज्याच्या विद्यापीठांवर आपोआप बंधनकारक होत नाहीत. 2022 मध्ये गुजरातमधल्या एका कुलगुरूंच्या नेमणुकीबाबत तेच न्यायालय म्हणालं, विनियमांशी विसंगत राज्याचा कायदा टिकणार नाही. सरकारी वकील पहिला निकाल वाचतात, शिक्षकांचे वकील दुसरा. सहाव्या आयोगाच्या वाढीव खर्चाचा 80 टक्के वाटा 31 मार्च 2010 पर्यंत केंद्राने देऊ केला होता, तोही केंद्राची वेतन योजना राज्याने सगळीच्या सगळी स्वीकारण्याच्या अटीवर. ती अट आता कुणाला फारशी आठवत नाही.

सातव्या आयोगाने घोळ वाढवला. 2 नोव्हेंबर 2017 च्या केंद्राच्या पत्रात या वेतनवाढी बंद, आणि 18 जुलै 2018 च्या यूजीसी विनियमांत पुन्हा चालू.

(दृश्य : हमीपत्राची पिवळट प्रत. खाली सरांची जुनी सही.)

वसुलीचं काय? सर्वोच्च न्यायालयाच्या 2014 च्या रफिक मसीह निकालाने निवृत्तांकडून, निवृत्तीला वर्षभर उरलेल्यांकडून आणि पाच वर्षांहून जास्त काळ दिल्या गेलेल्या रकमेची वसुली करायला मनाई केली. सर या चौकटीत बसतात. पण वेतननिश्चितीच्या वेळी प्रत्येकाकडून एक हमीपत्र घेतलं जातं : जास्त रक्कम मिळाल्यास परत करीन. 2016 मध्ये जगदेव सिंग प्रकरणात त्याच न्यायालयाने म्हटलं, असं लिहून दिलेला माणूस त्याला बांधील. सही न करता पगार सुरू झालेला एकही प्राध्यापक आम्हाला भेटला नाही.

(दृश्य : घराचा ओटा. सरांच्या पत्नी औषधांचा डबा आवरतात.)

सरांचं उपदान (ग्रॅच्युइटी) थांबलं आहे, निवृत्तिवेतन तात्पुरतं चालू आहे.

(दृश्य : झेरॉक्सच्या काचेवर प्रबंधाचं पहिलं पान. हिरवा प्रकाश सरकतो.)

याचिकेला जोडायचं आहे. तीन प्रती.